स्की जंपिंग २०१५-१६: पेतर प्रेव्त्सने बाकीच्यांसाठी काय शिल्लक ठेवलं?

उत्तरवारा | २५ मार्च २०२४

काल प्लानित्सात स्लोव्हेनियाचा स्की जंपर पेतर प्रेव्त्स निवृत्त झाला. वय ३१. शुक्रवारी त्याच टेकडीवर त्याने स्पर्धा जिंकली होती, म्हणजे रेटत बसला नाही, चांगलं चाललेलं असताना थांबला. विश्वचषकातले एकूण विजय २४. त्यांतले १५ एकट्या २०१५-१६ च्या मोसमातले. त्या मोसमाबद्दल मराठीत कुठे काही सापडेना, म्हणून हा धागा.

नवख्यांसाठी थोडक्यात: पायांना स्की बांधून उतारावरून घसरत यायचं आणि टोकावरून लांब उडी घ्यायची, असा हा खेळ. इथला विश्वचषक म्हणजे महिन्याभराचा जलसा नव्हे. नोव्हेंबर ते मार्च, बहुतेक दर शनिवार-रविवारी वेगळ्या गावी स्पर्धा. पहिल्याला १०० गुण, दुसऱ्याला ८०, तिसऱ्याला ६०, असं उतरत उतरत तिसाव्याला १. मार्चअखेर ज्याची बेरीज सगळ्यांत मोठी, त्याला स्फटिकाचा गोल, म्हणजे मोसमाचा चषक.

२०१५-१६ कळायला आधीच्या मोसमाचा शेवटचा दिवस माहीत हवा. मार्च २०१५, प्लानित्सा, स्लोव्हेनिया. जर्मनीचा सेवेरिन फ्रॉइंड पुढे, पण त्या दिवशी सातवा आला. प्रेव्त्स जिंकला असता तर गोल त्याचा, तोही घरच्या प्रेक्षकांसमोर. प्रेव्त्स दुसरा आला. आणि पहिला कोण? त्याच्याच संघातला युरी तेपेश! बेरीज केली तर दोघांचे गुण १७२९. मग विजय मोजले: फ्रॉइंडचे ९, प्रेव्त्सचे ३. गोल जर्मनीला गेला. गंमत म्हणजे वरती उडी मारणाऱ्यांना हिरवा दिवा दाखवायचं काम मिरान तेपेश यांच्याकडे असे. युरीचे वडील.

संघातल्या सहकाऱ्याने जाणूनबुजून मागे राहावं असं तिथे कुणी सुचवलंही नाही, आणि प्रेव्त्सनेही कधी कुरकुर केली नाही. पुढच्या मोसमात त्याने काय केलं, तर २९ वैयक्तिक स्पर्धांत १५ विजय, २२ वेळा पहिल्या तिघांत, एकूण २३०३ गुण. दुसरा फ्रॉइंड १४९०, तिसरा नॉर्वेचा केनेथ गांग्नेस १३४८. आधीच्या वर्षी शून्याचं अंतर, या वर्षी ८१३ चं. एका मोसमात सर्वाधिक विजयांचा आधीचा विक्रम १३ होता, ऑस्ट्रियाच्या ग्रेगोर श्लीरेनझावरचा, २००८-०९ चा.

२३०३ ला २९ ने भागा. ७९ च्या वर येतं. म्हणजे पाच महिने हा माणूस *सरासरीने* जवळजवळ दुसरा येत होता. माझ्या मते या खेळात कुणीही काढलेला हा सगळ्यांत थोर मोसम आहे, आणि त्याचं मर्म लांब उड्यांत नाही. लांब उड्या पुष्कळ जण मारतात. हा चारातल्या जवळजवळ तीन स्पर्धांत पहिल्या तिघांत असायचा.

---

खडूस_पेठकर

सरासरी दुसरा नंबर! म्हणजे बघणाऱ्याचे हालच की. कोण जिंकणार हे नोव्हेंबरात कळलं तर मार्चपर्यंत टीव्ही कशाला लावायचा? २०१४-१५ ला मी थोर म्हणेन. १७२९-१७२९! आपण २०१९ ची लॉर्ड्सची फायनल चौकार मोजून निकाली निघाल्यावर आठवडाभर डोकं धरून बसलो होतो, या मंडळींनी ते चार वर्षं आधीच करून दाखवलं.

---

उत्तरवारा

पेठकर, नोव्हेंबरात काहीही कळलं नव्हतं हो. क्लिंगेन्थालची पहिली स्पर्धा नॉर्वेच्या डॅनियल आंद्रे टांडेने जिंकली, त्याचा विश्वचषकातला पहिलाच विजय. लिलेहामरला फ्रॉइंड आणि गांग्नेस. डिसेंबराच्या सुरुवातीला मोसम नॉर्वेचा होणार असंच वाटत होतं. प्रेव्त्सचा सपाटा सुरू झाला तो त्यानंतर.

---

सई_इसारकाठी

छान धागा! मी तेव्हा म्युनिकला नवीन होते आणि १ जानेवारी २०१६ ला गार्मिश-पार्टेनकिर्शेनला प्रत्यक्ष होते. टीव्हीवर जे कळत नाही त्याबद्दल लिहिते.

त्या हिवाळ्यात आल्प्समध्ये बर्फाची बोंब होती. आजूबाजूची कुरणं हिरवीगार आणि टेकडीवर तेवढा कृत्रिम बर्फाचा पांढरा पट्टा. स्पर्धा दुपारी दोनला. खाली पायथ्याशी हजारो माणसं, निम्मी आदल्या रात्रीची झोप राहिलेली. वर बघाल तर सुरुवातीच्या फळीवर बसलेला माणूस नखाएवढा दिसतो. बाजूच्या मचाणावर प्रशिक्षक हातात आपल्या देशाचा झेंडा धरून उभा. दिवा हिरवा झाला की त्याच्याकडे मोजून काही सेकंद असतात. वारा नीट आहे असं वाटलं की तो झेंडा खाली मारतो, आणि त्याच क्षणी पोरगा फळी सोडतो. टीव्हीवर हा झेंडा अर्धा सेकंद दिसतो. तिथे मात्र थोड्या वेळाने मी उडी मारणाऱ्याकडे बघायचं सोडून झेंड्याकडेच बघायला लागले.

आवाज सांगते. बर्फाच्या चाकोरीतून स्की येतात तेव्हा घरघर ऐकू येते, ती वाढत वाढत जाते आणि टोकाला एकदम बंद होते. मग नुसता वाऱ्याचा फडफडाट. आणि टेकल्यावर थप्प असा आवाज. ओळीने चाळीस-पन्नास जण बघितल्यावर त्या थप्पवरूनच कळायला लागतं की हा नीट उतरला की पाय फाकवून कसाबसा.

प्रेव्त्स त्या दिवशी जिंकला. आदल्या स्पर्धेत, ओबर्स्टडॉर्फला, फ्रॉइंड पहिला आणि प्रेव्त्स तिसरा होता, त्यामुळे भोवतालचे जर्मन लोक मोठ्या आशेने आलेले. २००१-०२ च्या स्वेन हानावाल्डनंतर जर्मनीला ही चार टेकड्यांची स्पर्धा (ओबर्स्टडॉर्फ, गार्मिश आणि आणखी दोन टेकड्यांवरच्या गुणांची बेरीज) जिंकता आलेली नाही, हे मला दिवसभरात किमान तिघांनी न विचारता ऐकवलं.

---

अवनी_क

मला यातलं ओ की ठो माहीत नाही, तरी वाचतेय. दोन बाळबोध प्रश्न. जो लांब उडी मारेल तो जिंकतो ना? मग ते परीक्षक कशाला? आणि एवढ्या उंचावरून पडून हाडं कशी मोडत नाहीत?

---

उत्तरवारा

अवनी, दुसरा प्रश्न आधी. तो जमिनीपासून फार उंच नसतोच. खालचा उतार त्याच्याबरोबर खाली जात असतो, त्यामुळे तो जवळजवळ उताराला समांतर उडतो आणि तिरका टेकतो. म्हणूनच फार लांब जाणं धोक्याचं. उतार संपून सपाटी सुरू व्हायच्या बेतात असताना टेकलात तर सगळा मार गुडघ्यांवर.

गुणांसाठी त्याच मोसमातलं एक उदाहरण घेऊ. जानेवारी २०१६, ऑस्ट्रियातली कुल्मची टेकडी, स्की फ्लाइंगची जागतिक अजिंक्यपद स्पर्धा. स्की फ्लाइंग म्हणजे हाच खेळ, पण राक्षसी टेकडीवर. तिथे प्रेव्त्स २४४ मीटर गेला, टेकडीचा विक्रम. कुल्मचा प्रमाणबिंदू २०० मीटरवर. तिथवर पोचलात की १२० गुण. पुढच्या प्रत्येक मीटरला १.२. म्हणजे वरचे ४४ मीटर गुणिले १.२ बरोबर ५२.८, एकूण अंतराचे १७२.८. साध्या मोठ्या टेकडीवर सुरुवात ६० गुणांपासून आणि मीटरमागे १.८.

मग परीक्षक. पाच जण, प्रत्येकाकडे २० पर्यंत गुण. सगळ्यांत जास्त आणि सगळ्यांत कमी देणाऱ्याचे गुण बाद, उरलेल्या तिघांची बेरीज, म्हणजे फार तर ६०. हवेत डगमगलात, दोन्ही पाय बरोबरीने टेकलात, की गुण कापले. एक पाय पुढे, एक मागे, गुडघे वाकलेले आणि हात पसरलेले असं उतरलात तर परीक्षक खूश. त्याला टेलेमार्क म्हणतात.

आणि मग वारा. समोरून वारा आला तर तो उचलून धरतो, म्हणून गुण कापतात. पाठीमागून आला तर दाबतो, म्हणून भरपाई देतात. सुरुवातीची फळी वरखाली करून वेग कमीजास्त केला तरी तसंच. ही पद्धत २००९-१० च्या सुमाराला आली.

---

खडूस_पेठकर

म्हणजे सगळ्यांत लांब जाऊनही हरता येतं, आणि का हरलो ते कळायला सनदी लेखापाल लागतो. धन्य आहे.

---

रांगडा_गडी

नाद खुळा खेळ आहे राव! २४४ मीटर म्हणजे आमच्या गल्लीच्या या टोकापास्नं त्या टोकापर्यंत, वर शिल्लक. ते कुल्मला पुढं काय झालं? सुवर्ण मिळालं का भावाला?

---

उत्तरवारा

मिळालं. प्रेव्त्स सुवर्ण, गांग्नेस रौप्य, ऑस्ट्रियाचा स्टेफान क्राफ्ट कांस्य. सांघिक नॉर्वेला.

---

माळरान

कुल्मचं नाव निघालं म्हणून. त्याच आठवड्यात, स्पर्धेआधी, लुकास म्युलर तिथे पडला. ऑस्ट्रियाचा, ज्युनियर गटात जगज्जेता झालेला मुलगा. त्या दिवशी तो स्पर्धक नव्हता, 'आधी उडणारा' होता. स्पर्धेपूर्वी चाकोरी नीट आहे का, वारा कसा आहे, फळी कुठे ठेवायची, हे पाहायला काही जणांना आधी सोडतात. त्यांची नावं निकालात कुठेच येत नाहीत. म्युलरच्या मणक्याला इजा झाली आणि तो चाकांच्या खुर्चीवर आला.

२४४ चा विक्रम सांगताना लोक हे वगळतात. त्या आठवड्यात त्या टेकडीवर दोन्ही गोष्टी घडल्या.

---

सई_इसारकाठी

माळरान, बरं झालं लिहिलंत. इथल्या वर्तमानपत्रांत तेव्हा बरेच दिवस यावर लिहून येत होतं. आधी उडणाऱ्यांचा विमा, त्यांना कामगार म्हणायचं की हौशी, असे प्रश्न निघाले. मोठ्या खेळाडूच्या अपघातावर निघाले असते तर लवकर सुटले असते, असं माझं मत.

---

बारा_गावचं_पाणी

धाग्यात कुटुंबाचा विषय कसा नाही? डिसेंबर २०१५, एंगेलबर्ग, स्वित्झर्लंड. पहिला पेतर, दुसरा त्याचा धाकटा भाऊ दोमेन, वय १६! विश्वचषकात सख्खे भाऊ पहिले-दुसरे येण्याची ती पहिली वेळ. मधला त्सेने, तोही उडणारा, २०२२ च्या ऑलिंपिकमध्ये सांघिक रौप्य. आणि बहीण निका, तिने नुकताच याच मोसमात महिलांचा गोल जिंकलाय, वय १९. वडील बोझिदार फर्निचरच्या धंद्यातले आणि शिवाय या खेळाचे परीक्षक. झेलेझ्निकीजवळच्या दोलेन्या वास या लहानशा गावातलं घर. स्लोव्हेनियाची लोकसंख्या जेमतेम २० लाखांच्या वर. पुणे महापालिकेच्या हद्दीत त्याहून जास्त माणसं राहतात.

दोमेनची शैली बघितली नसेल तर बघा. डोकं जवळजवळ दोन स्कींच्या मध्ये घालतो. बघणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. पेतर त्या मानाने शांत, हवेत काही हलतच नाही.

---

कृष्णविवर

आता माझा मुद्दा. उत्तरवारा 'थोर मोसम' म्हणतात, मला मान्य नाही. चार टेकड्यांची स्पर्धा हा या खेळाचा गाभा. ओबर्स्टडॉर्फ, गार्मिश, इन्सब्रुक, बिशोफ्सहोफेन, आठ-नऊ दिवसांत चार. चारही जिंकणारे २०१६ पर्यंत एकच, हानावाल्ड. त्यानंतर २०१७-१८ मध्ये पोलंडचा कामिल स्तॉख आणि २०१८-१९ मध्ये जपानचा र्‍योयू कोबायाशी. प्रेव्त्स तीन जिंकला. ज्याच्या हाताशी इतका फॉर्म होता त्याने ओबर्स्टडॉर्फ सोडायलाच नको होतं. कोबायाशीने त्या मोसमात १३ स्पर्धा *आणि* चारही टेकड्या घेतल्या. मी कोबायाशीच्या बाजूने.

---

उत्तरवारा

कृष्णविवर, मुद्दा जोरकस आहे, पण चारात चार हे बऱ्याच अंशी दैवाचं दान असतं. चार टेकड्या, चार तऱ्हा. बिशोफ्सहोफेनला वरची उतरण लांबलचक आणि सपाट, जेमतेम २७ अंशांची. तिथे टोकाला उडी नेमकी कधी घ्यायची हे भल्याभल्यांचं चुकतं. इन्सब्रुकला वारा दर मिनिटाला फिरतो. शिवाय पहिल्या फेरीत जोड्या लावून बाद करतात, ५० जणांच्या २५ जोड्या, विजेते पुढे आणि हरलेल्यांतले सर्वोत्तम पाच. एका झुळकीने आठवडा बुडू शकतो.

आता प्रेव्त्सचा हिशेब बघा. ओबर्स्टडॉर्फला *तिसरा*, मग उरलेल्या तिन्ही जिंकल्या. एकूण ११३९.४ गुण, तो त्या स्पर्धेचा विक्रम ठरला. १९९६-९७ च्या प्रिमोझ पेतेर्कानंतर ही स्पर्धा जिंकणारा पहिला स्लोव्हेनियन. आणि समोर फ्रॉइंड काही मरगळलेला नव्हता. इन्सब्रुकला चाचणी फेरीत तो पडला, उठला, तासाभराने स्पर्धेत उतरला आणि एकूण क्रमवारीत दुसरा राहिला. अशा माणसाला हरवून घेतलेला चषक आहे तो.

कोबायाशीचा २०१८-१९ चा मोसम थोरच. पण गुण २०८५. प्रेव्त्सपेक्षा दोनशेच्या वर कमी. नॉर्वेचा ग्रानेरुड गेल्या वर्षी २१२८ वर थांबला, क्राफ्ट यंदा १३ विजय मिळवूनही २३०३ च्या खालीच.

---

कृष्णविवर

गुणांची बेरीज मोसमात किती स्पर्धा आहेत त्यावर ठरते. विजयांची टक्केवारी काढू. प्रेव्त्स २९ पैकी १५, निम्म्याच्या जरा वर. बायकांच्या गटात त्याच मोसमात जपानच्या सारा ताकानाशीने १४ स्पर्धा जिंकल्या, आणि त्यांच्या स्पर्धा पुरुषांपेक्षा बऱ्याच कमी होत्या. हाच निकष लावायचा तर २०१५-१६ चा मोसम ताकानाशीचा. आणि तिला त्या काळी स्की फ्लाइंगच्या टेकड्यांवर पायही ठेवू देत नव्हते. बायकांना विश्वचषकात ते मिळालं २०२३ मध्ये, व्हिकर्सुंडला.

---

सई_इसारकाठी

ताकानाशीसाठी +१. धाग्याचं नाव बदला.

---

माळरान

या सगळ्या गदारोळात जपानचा नोरिआकी कासाई कुठे गेला? मार्च २०१६, प्लानित्सा, विश्वचषकातली त्याची ५०० वी वैयक्तिक स्पर्धा. वय ४३. पहिल्यांदा उतरला डिसेंबर १९८८ मध्ये, म्हणजे स्की समांतर धरून उडायच्या जमान्यात. त्याच मोसमात स्वीडनच्या यान बोकलोव्हने स्की फाकवून उडून गोल जिंकला. परीक्षक त्याचे गुण कापत होते आणि तो तरी जिंकत होता. कासाई ती जुनी शैली मोडून नवी शिकला आणि पुढे पंचवीस-तीस वर्षं टिकला. गेल्याच महिन्यात सप्पोरोत, वयाच्या ५१ व्या वर्षी, पुन्हा विश्वचषकात उतरला. प्रेव्त्स ३१ ला थकला म्हणून घरी गेला.

---

बारा_गावचं_पाणी

माळरान, थकला म्हणून नाही हो. २०१६ नंतर त्याची उतरणच होती. दुसऱ्याच मोसमात डिसेंबरपर्यंत चार स्पर्धा दोमेनने जिंकल्या आणि पेतर पहिल्या पाचातही टिकेना. एकदा घडी मोडली की या खेळात पुन्हा बसवणं फार कठीण. श्लीरेनझावरचंच बघा, ५३ विजयांचा मालक, आणि याच २०१५-१६ मध्ये चार टेकड्यांनंतर मोसम अर्ध्यावर सोडून गेला. टोकाशी उडी घ्यायचा क्षण किंचित मागेपुढे झाला तरी दहा-पंधरा मीटर जातात, आणि तो विचार करून दुरुस्त होत नाही. विचार केला तर आणखी बिघडतो. पेतर सहा-सात वर्षं मधल्या फळीत धडपडला आणि मग परत वर आला. २०२२ च्या ऑलिंपिकचं मिश्र सांघिक सुवर्ण त्याच धडपडीतलं.

---

रांगडा_गडी

बरं, ते २०१५ मध्ये शेवटच्या दिवशी गोल घालवलेला, त्याच प्लानित्सात पुढच्या वर्षी काय केलं भावानं ते कुणी सांगितलंच नाही.

---

उत्तरवारा

गोल आधीच नक्की झाला होता, त्यामुळे तो आठवडा नुसता उत्सव. एक स्पर्धा रॉबर्ट क्रान्येत्सने जिंकली, वय ३४, तोही स्लोव्हेनियाचा. शेवटच्या दिवशी प्रेव्त्स जिंकला, पंधरावा विजय. फक्त स्की फ्लाइंगच्या स्पर्धांसाठी असलेला छोटा गोलही त्यालाच.

---

खडूस_पेठकर

म्हणजे शेवटच्या दिवशीही तोच. मी काय म्हणत होतो?

---

अवनी_क

मी काल रात्री बसून त्याच प्लानित्साच्या उड्या पाहिल्या. पेठकरकाका, मला अजिबात कंटाळा आला नाही, पण मला निकाल माहीत नव्हता हे खरं. एक प्रश्न राहिला. ते सगळे एवढे किडकिडीत का? जेवू देत नाहीत का?

---

सई_इसारकाठी

वजन कमी तर उडी लांब, म्हणून एके काळी पोरं उपाशी राहायची. आता स्कीची लांबी उंचीच्या १४५ टक्क्यांपर्यंतच चालते, आणि उंचीच्या मानाने वजन ठरलेल्या मर्यादेखाली गेलं तर स्की आणखी आखूड घ्यावी लागते. आखूड स्की म्हणजे हवेत आधार कमी. त्यामुळे फार वाळण्यात फायदा उरला नाही. हानावाल्डच्या वजनाची त्याच्या काळी केवढी चर्चा झाली ते शोधून वाचा, मोठा विषय आहे. कपड्यांवरून होणारी भांडणं तर त्याहून मोठी. अंगावरचा सूट ठरलेल्या मापापेक्षा जरा सैल निघाला तरी खेळाडू बाद. त्यावर कृष्णविवर लिहितील, त्यांच्याकडे मसाला असेल.

---

कृष्णविवर

आहे. पण आधी कुणीतरी मला टक्केवारीचं उत्तर द्या.